साखर कोण घालतं? बेळगाव सीमाभागातली भटकंती

बेळगावबद्दल सगळ्यात ठाम मतं त्यांची असतात जे बेळगावला कधी गेलेलेच नाहीत. मला हे थोडंफार माहीत होतं, कारण आमची आत्या तिथं दिलेली आणि लहानपणच्या निम्म्या सुट्ट्या शहापुरात गेल्या, पण असे दोन नमुने एकाच गाडीत घालून नेल्यावर जी करमणूक होते ती तिकीट लावून दाखवण्यासारखी आहे. पहिला नमुना नागपूरचा. त्याच्यासाठी बेळगाव म्हणजे 'बेळगाव, कारवार, निपाणी, बिदर, भालकीसह' ही एक ओळ, शाळेपासून पाठ, आणि भालकी हे बेळगावचं उपनगर असावं असा त्याचा परवापर्यंत समज. दुसरा म्हैसूरचा, पुण्यात नोकरीला, मराठी सगळं समजतं, बोलताना निम्मं हिंदी. त्याच्यासाठी बेळगाव म्हणजे टीव्हीवर बसच्या काचा फुटताना दिसतात ते गाव. दोघांनीही नकाशापलीकडे ते पाहिलेलं नव्हतं आणि दोघांनाही ते आपलंच आहे याबद्दल तिळमात्र शंका नव्हती.

शुक्रवार

सहाला निघायचं ठरलं होतं म्हणजे साडेसातला निघालो. निघताना सोसायटीतल्या एका काकांनी पार्किंगमध्ये गाठून सांगितलं की एमएच बारा पाटी घेऊन तिकडं जाऊ नका, काचा फोडतात, निदान मागं एखादा लाल-पिवळा स्टिकर तरी चिकटवा. त्याच वेळी म्हैसूरकराला घरून आईचा फोन, की तिथं गेल्यावर रस्त्यात कन्नड बोलू नकोस, मारतात. म्हणजे दोघांचं ऐकायचं तर आम्ही मराठी लपवायचं, त्यानं कन्नड लपवायचं आणि तिघांनी मिळून बेळगावात इंग्रजीत भाजी घ्यायची. काकांचं अगदीच खोटं होतं असंही नाही, डिसेंबर २०२२ मध्ये हिरेबागेवाडीच्या टोलनाक्यावर महाराष्ट्राच्या गाड्यांवर दगड पडले होते आणि इकडे पुण्यात कर्नाटकच्या बसना काळं फासलं होतं, फक्त काकांच्या डोक्यात तो आठवडा अजून संपलेला नाही.

सातारा, कराड, कोल्हापुरात जेवण, हे सगळं नेहमीचं. कागल सुटलं तसा नागपूरकर मोबाईल काढून खिडकीत बसला, त्याला बॉर्डरचा व्हिडिओ पाहिजे होता. "कुठं हाय बे बॉर्डर?" या बाजूला ऊस, त्या बाजूला ऊस, दोन ट्रॉल्या जोडलेले ट्रॅक्टर दोन्हीकडचे सारखेच बेदरकार, मधे दूधगंगा, आणि तो बॉर्डर शोधत असेपर्यंत कोगनोळीचा टोलनाका आला आणि गेला. राज्य बदललं हे त्याला कळलं ते पेट्रोल पंपावरून, कारण कर्नाटकातल्या पंपावर भला मोठा बोर्ड होता की डिझेल महाराष्ट्रापेक्षा स्वस्त, आणि तो बोर्ड मराठीत. गिऱ्हाईक कुठून येतं ते पंपवाल्याला बरोबर ठाऊक आहे, त्यात कुठला आयोग नेमावा लागत नाही.

निपाणीत चहाला थांबलो. इथं दुकानांवर कन्नड पाट्या दिसल्यावर म्हैसूरकराची छाती फुगली, आईचा सल्ला विसरून त्यानं टपरीवाल्याशी एकदम शुद्ध, व्याकरणासकट कन्नड सुरू केलं. टपरीवाल्यानं सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि मग माझ्याकडे वळून मराठीत विचारलं, "पाव्हणं कुठलं म्हणायचं?" म्हैसूरचे म्हटल्यावर म्हणाला, "तरीच. टीव्हीवर बातम्या सांगितल्यागत बोलायलेत." मग त्याच्याशी तिथल्या तुटक, दणकट कन्नडमध्ये दोन वाक्यं बोलला ज्यातलं म्हैसूरकराला जेमतेम एक समजलं. नागपूरकर हसून लोळायचा बाकी होता. तेवढ्यात त्यानं आपली ऑर्डर दिली, "भाऊ, माह्या चहात साखर कमी टाकजा ना." टपरीवाला परत माझ्याकडे, "आणि हे हिंदी भाषिक काय?"

इथून तवंदी घाट उतरेपर्यंत गाडीत शांतता.

निपाणी म्हणजे तंबाखू आणि विड्या. १९८१ मध्ये शरद जोशींनी इथल्या तंबाखूच्या शेतकऱ्यांना घेऊन हायवे अडवला होता हे मी सांगितल्यावर नागपूरकराला जरा बरं वाटलं, कारण शरद जोशी त्याला विदर्भातल्या कापसाच्या आंदोलनामुळे माहीत होते, म्हणजे ते 'आपले', म्हणजे निपाणी पण आपली, असा त्याचा हिशोब. म्हैसूरकर म्हणाला आंदोलन कर्नाटकातल्या शेतकऱ्यांनी केलं ना? हे संकेश्वरपर्यंत पुरलं.

बेळगावात हॉटेलं फुल. सोमवारपासून कर्नाटक विधानसभेचं हिवाळी अधिवेशन, सगळ्या खोल्या आमदार, त्यांचे पीए, पोलीस आणि पत्रकार यांनी आधीच घेतलेल्या, त्यामुळे मुक्काम आत्याकडेच. आत्यानं दारातच, "याला इतका उशीर? कोल्हापुरात जेवलासा म्हणं, मग हितं काय करायचं आम्ही?" म्हणजे पहिल्याच मिनिटाला आम्ही गुन्हेगार.

शनिवार

सकाळी चहाबरोबर मामांनी (आत्याचे यजमान, आम्ही मामा म्हणतो) नागपूरकराची शिकवणी घेतली. त्यानं फक्त एवढंच विचारलं होतं की काका, तुम्ही मूळचे महाराष्ट्रातले का कर्नाटकातले.

मामा म्हणाले, मूळचा या खोलीतला. मग सुरू झाले. त्यांचे वडील याच घरात जन्मले तेव्हा शहापूर सांगली संस्थानात होतं, पटवर्धनांचं, आणि इथून चालत जाता येतं ते बेळगाव मात्र इंग्रजांचं. मामा स्वतः १९५४ चे, म्हणजे मुंबई राज्यात. दोन वर्षांचे होत होते तोवर १ नोव्हेंबर १९५६ आला, राज्यांची पुनर्रचना झाली आणि ते म्हैसूर राज्यात गेले. कॉलेजात असताना १९७३ ला राज्याचं नाव कर्नाटक झालं. रिटायर झाल्यावर २०१४ ला, परत एक नोव्हेंबरलाच, बेळगावचं सरकारी नाव बेळगावी झालं. मधे १९६६ ला सीमावाद सोडवायला महाजन आयोग, १९६७ ला त्याचा अहवाल, तो महाराष्ट्रानं मानला नाही, २००४ मध्ये महाराष्ट्र सुप्रीम कोर्टात गेला. "ती केस दाखल झाली तवा मी नोकरीत होतो. आता नातू बारावीला हाय, केस तिथंच हाय. तू मला विचारतोस कुठला."

म्हैसूरकरानं हळूच विचारलं की पण इथं रोज भांडणं होत असतील ना? यावर आत्या आतून, "पुण्यातल्यांना वाटतंय आम्ही रोज काळ्या फिती लावून बसतोय, तुमच्या बेंगळूरकडच्यांना वाटतंय आम्ही रोज दगड गोळा करतोय. मग धुणं कधी धुवायचं?" एक नोव्हेंबरला एकीकडे राज्योत्सवाचे लाल-पिवळे झेंडे आणि दुसरीकडे काळा दिवस, हे खरं आहे आणि त्या दिवशी दोन्ही बाजू मनापासून असतात, त्यात नाटक नाही. पण दोन तारखेला सकाळी दुधाला सगळे एकाच रांगेत. शिवजयंती इथं तिथीनं, वैशाख शुद्ध द्वितीयेला, आणि तृतीयेला बसव जयंती. गल्लीतला मंडपवाला दोघांचा एकच आहे आणि मामांच्या मते दोन्ही महापुरुषांबद्दल त्याच्याइतका सारखा आदर कुणालाच नाही.

मग गाव बघितलं. किल्ल्यातली कमल बस्ती, रट्ट राजांच्या काळातली, १२०४ च्या सुमाराची, आत गेल्यावर छताला लटकणारं दगडी कमळ, बघत राहावं असं काम. बाहेर आल्यावर नागपूरकर म्हणाला पण हे मराठी म्हणायचं का कानडी, आणि तिथला राखणदार म्हणाला जैन. टिळकवाडीत १९२४ च्या काँग्रेस अधिवेशनाची जागा, गांधीजी अध्यक्ष झालेलं ते एकमेव अधिवेशन, तिथं दहा मिनिटं. कॅम्पात मराठा लाईट इन्फंट्रीचं सेंटर बघून म्हैसूरकर गोंधळला, मराठा रेजिमेंटचं मुख्य ठाणं कर्नाटकात कसं? आणि नागपूरकराला वाटलं की हाच आपला सगळ्यात मोठा पुरावा, सुप्रीम कोर्टात कुणी मांडला की नाही कोण जाणे.

पण त्याला खरी बेळगावची ओळख पटली ती दुपारी, हायवेवर सुवर्णसौधासमोर. ही केवढी मोठी इमारत, २०१२ मध्ये उद्घाटन झालं, राजधानी बेंगळुरू असताना इथंही विधानसभा भरवायची म्हणून बांधलेली. रंगरंगोटी चालू, बॅरिकेड लागलेले, आंदोलनाचे तंबू ठोकणं चालू, गाड्यांचे ताफे. नागपूरकर बघतच राहिला. "अबे हे तर आमच्यासारखंच हाय!" राजधानी लांब, दुसऱ्या टोकाच्या शहराची समजूत काढायला डिसेंबरात अधिवेशन, मग मोर्चे, ट्रॅफिक जॅम, हॉटेलांचे रेट डबल, आणि सगळे गेले की वर्षभर कुणी विचारत नाही. त्यानं तिथल्या एका चहावाल्याला विचारलं की अधिवेशनात तुमच्या भागाचे प्रश्न किती घेतात, आणि चहावाला नुसता हसला, तर हा म्हणाला सेम टू सेम. त्या दिवसात परक्या माणसाबद्दल त्याला वाटलेला हा पहिला खरा जिव्हाळा, आणि तो चहावाला कन्नड होता.

खडे बाजारात कुंदा घेतला. दूध आणि खवा साखरेबरोबर आटवत आटवत तपकिरी होईपर्यंत नेलेला, रवाळ, गरम असताना कागदी द्रोणात दिला की बोटाला चिकटतो. नागपूरकर पहिला घास घेऊन म्हणाला खरपूस लागलाय, जळाला का? दुकानदारानं त्याच्याकडे असं बघितलं की मी पटकन अर्धा किलो आणखी घेतला.

संध्याकाळी खरा कार्यक्रम. आत्याच्या मुलीचे सासरे-सासूबाई आलेले, बैलहोंगलचे, घरात कन्नड, सासरे कन्नड शाळेतले रिटायर्ड मास्तर. मराठी छान बोलतात, गणित मांडल्यासारखं, एकेक पायरी. ताटात ज्वारीच्या पातळ भाकऱ्या, भरली वांगी, झुणका, शेंगाचटणी, लाल मिरचीचा रंजका, पुरणपोळी आणि कटाची आमटी. नागपूरकर माझ्या कानात, "इडली?" त्याला दिवसभर वाटत होतं की रात्री तरी इडली निघेल. म्हैसूरकर माझ्या दुसऱ्या कानात, "ये सब तो हमारे नॉर्थ कर्नाटक का खाना है," आणि आत्यानं ते ऐकलं, "काय रे, माझ्या आईनं शिकवलेली वांगी तुझ्या कर्नाटकाची कधी झाली?" आत्याचं माहेर कराड.

तेवढ्यात मास्तरांनी साखरेचा डबा उचलून माझ्या ताटाशी ठेवला. अगदी प्रेमानं. "तुम्ही पुण्याचे. आमटीत लागणार."

मी म्हटलं सर, आम्ही कराडचे, आम्ही नाही साखर घालत, ते पुणेवाले. मास्तर म्हणाले पण तुम्ही पुण्यात राहता. म्हटलं राहतो पण घालत नाही. आत्या म्हणाली पुण्यातल्या तिच्या नणंदेला विचारलं तर ती म्हणते आम्ही चिमूटभर घालतो, डबाभर घालतात ते गुजराती. मास्तर आता म्हैसूरकराकडे वळले, कन्नडमध्ये नाही, मराठीतच, म्हणजे सगळ्यांना कळावं म्हणून, "यांच्याकडे तर सांबारात गूळ." म्हैसूरकर एकदम लाल, "सर, वो उडुपीवाले! हम म्हैसूरवाले नहीं डालते!" नागपूरकर आता मोकळा सुटला, आमच्याकडे सावजी, साखर म्हणजे काय ते आम्हाला माहीतच नाही, असं म्हणेपर्यंत मामांनी विचारलं, "मग ती संत्र्याची बर्फी कुठली रे?" तर म्हणे ती भंडाऱ्याकडून... आणि तिथंच थांबला, कारण भंडाऱ्याचं त्यानं तिथल्या तिथं बनवलं होतं. साखर घालणारा माणूस कायम पुढच्या गावात राहतो, एवढं त्या पंगतीत सिद्ध झालं. सिद्ध झाल्यावर सगळ्यांनी कुंदा खाल्ला, वाट्या भरभरून, त्यात काय होतं याची चर्चा कुणी काढली नाही.

मास्तरांचा मराठी माणसाबद्दल आणखी एक पक्का समज आहे, की तो पाहुण्याला आग्रह करत नाही. कुणीतरी त्यांना कधीतरी 'जेवून आलात की जाऊन जेवणार' हा विनोद सांगितलेला आणि त्यांनी तो विनोद म्हणून न घेता माहिती म्हणून घेतला. त्यामुळे ते स्वतः आग्रह करायला लागले की त्यात जरा शिकवण्याचा भाग येतो. पोळीवर तूप, नको म्हटलं की अजून तूप. म्हैसूरकरानं साकु, साकु म्हणून दोन्ही हात ताटावर धरले तर मास्तरांनी मधल्या फटीतून बरोबर वाढलं. आणि मास्तरांच्या पत्नी आत्याला बाजूला घेऊन विचारत होत्या की ही पोरं इतकं कमी का खातात, पुण्यात पगार बरे नाहीत काय.

जाताना कॅलेंडरवरून एक वाद झाला, तो सांगतोच. भिंतीवरच्या मराठी कॅलेंडरात ज्येष्ठ पौर्णिमेला 'कर्नाटकी बेंदूर' आणि पुढं आषाढात 'महाराष्ट्रीय बेंदूर' छापलेलं असतं. म्हैसूरकराला हे नवीन, त्याला वाटलं बैलांचंही राज्य ठरलेलं आहे. मास्तर म्हणाले आमच्याकडे त्या पौर्णिमेला कार हुण्णिमे, बैल रंगवतात, पळवतात. मामा म्हणाले आणि कर्नाटकी बेंदूर सगळ्यात जोरात कुठं होतो माहीत आहे का, इचलकरंजीत. इचलकरंजी महाराष्ट्रात. यावर कुणाकडेच बोलायला काही नव्हतं.

रविवार

मास्तर आमच्याबरोबर गाडीत, पुढच्या सीटवर, गाईड म्हणून. गोकाकच्या रस्त्याला सुळेभावी लागलं तसं त्यांनी गाडी बाजूला घ्यायला लावली. "कुमार गंधर्वांचा जन्म इथला. १९२४." नागपूरकर म्हणाला कोण, आपले कुमार गंधर्व? मास्तर म्हणाले होय, आपले, शिवपुत्र सिद्धरामय्या कोमकळी. नागपूरकराच्या चेहऱ्यावर जे झालं ते फोटो काढण्यासारखं होतं, त्याच्या आजोबांच्या घरात कुमारांची मराठी भजनं सकाळी लागायची. थोड्या वेळानं सावरून म्हणाला, पण ते राहिले देवासला ना, म्हणजे एमपीचे, म्हणजे आमच्या शेजारचे. हार मानायची नाही. भीमसेन जोशी गदगकडचे हे त्याला माहीत होतं पण ते पुण्यात राहिल्यामुळे त्यानं माफ केलेलं होतं.

म्हैसूरकर हे सगळं मजेत ऐकत होता म्हणून मास्तरांनी हिशोब सरळ केला. "आणि तुमचे बेंद्रे?" द. रा. बेंद्रे, कन्नडचे एवढे मोठे कवी, ज्ञानपीठ १९७३ चं, म्हैसूरकराला शाळेत पाठ. त्यांच्या घरी मराठी बोलत, हे त्याला कुणी सांगितलंच नव्हतं. तो म्हणाला शक्य नाही. मास्तर म्हणाले धारवाडला जाऊन विचार. मग त्यांनी आणखी एक टाकलं, मराठी संगीत नाटक ज्यांनी उभं केलं ते अण्णासाहेब किर्लोस्कर याच जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरचे, आणि त्याच्याही आधी १८४३ मध्ये सांगलीत विष्णुदास भाव्यांनी जे पहिलं नाटक केलं त्याला निमित्त कर्नाटकातून सांगलीला आलेली भागवत मंडळी. मास्तरांना हे सगळं पाठ आहे आणि त्यांना ते दोन्ही बाजूंना आलटून पालटून द्यायला आवडतं, चाळीस वर्षं पोरांचे गैरसमज दुरुस्त केलेला माणूस, सवय जात नाही.

गोकाकचा धबधबा डिसेंबरात बेताचा. घटप्रभा तिथं साधारण ५२ मीटर खाली उडी मारते, पावसाळ्यात तपकिरी पाण्याची भिंत असते, आता नुसत्या धारा. झुलता पूल बंद होता. म्हैसूरकर म्हणाला कर्नाटकात पाण्यावरची वीज सगळ्यात आधी आमच्या शिवनसमुद्रला, १९०२ ला. मास्तर म्हणाले इथल्या गिरणीनं १८८७ मध्ये काढली. त्या दिवशी मास्तरांपुढं कुणाचंच काही चाललं नाही. कर्दंट घेतला, डिंक-गूळ-सुकामेव्याचा, दातांना व्यायाम, आणि यरगट्टीवरून सौंदत्ती.

मार्गशीर्ष पौर्णिमा नुकतीच झालेली तरी यल्लम्माच्या डोंगरावर गर्दी. ट्रॅक्टर, टेम्पो, बैलगाड्यासुद्धा, भंडाऱ्यानं रस्ता पिवळा, माळावर तीन दगडांच्या चुली मांडून नैवेद्य शिजतोय, कोल्हापूर-सांगलीच्या पाट्यांच्या एसट्या रांगेनं उभ्या. म्हैसूरकरानं हे देऊळ नकाशात कर्नाटकात पाहिलेलं, आणि सभोवार 'उदो गं आई उदो'. तो म्हणाला ये तो पूरा महाराष्ट्र का भगवान लगता है. नागपूरकर म्हणाला लगता है नाही, आहेच, ही रेणुका, ही आमची माहूरची, आमच्या घरची कुलदेवता, इकडे आली असेल नंतर. म्हैसूरकर म्हणाला रेणुका तर शिमोग्याकडे चंद्रगुत्तीला पण आहे. शेजारी परडी घेऊन उभी असलेली एक म्हातारी हे ऐकत होती, गडहिंग्लजकडची, ती म्हणाली, "आई कुठंबी जाईल रं. तू हो की फुडं, लाईन थांबलिया."

लाईनीत जे ऐकलं ते मात्र सगळ्या ट्रिपमध्ये भारी. आमच्या पुढं कोल्हापूरच्या दोघी आणि गोकाककडच्या तिघी, सगळ्या साधारण चाळिशीच्या, भाषा अर्धी-अर्धी, हात पूर्ण.

"तुमच्यात बायकांना एसटी फुकट म्हणं."

"हौद्री, फुकट. पण जागा कुठं हाय? उभारूनच. तुमच्यात?"

"आमच्यात हाफ."

"मग हाफच बरं की, बसायला तर मिळतंय."

"पण तुमच्यात दोन हजार देतात म्हणं महिन्याला. आमची लाडकी बहीण पंधराशेचीच."

"दोन हजार देतात, खरं कधी देतात? तुमचं वेळेवर येतंय म्हणं."

यावर कोल्हापूरची बाई इतक्या जोरात हसली की पुढचे लोक मागं वळून बघायला लागले. कर्नाटकात शक्ती योजना जून २०२३ पासून, गृहलक्ष्मी त्याच वर्षी, महाराष्ट्रात अर्धं तिकीट मार्च २०२३ पासून आणि लाडकी बहीण २०२४ ला, म्हणजे दोन्ही सरकारं एकमेकांकडे बघून पेपर सोडवतायत हे उघड आहे. पण त्या पाच जणींचं मात्र यावर एकमत झालं की पलीकडच्या बायका सुखात आहेत. पलीकडच्या म्हणजे नेमक्या कुठल्या, त्या तर समोरच उभ्या होत्या, पण एकदा पक्कं ठरलं की समोर कोण उभं आहे याला काही किंमत नसते. दर्शन दीड तासानं झालं, शांत, छान.

सोमवार

मामांनी आदल्या रात्रीच बजावलं होतं की कोगनोळीवरून जाऊ नका. अधिवेशनाचा पहिला दिवस, त्याला उत्तर म्हणून मराठी मंडळींचा महामेळावा, तो होऊ द्यायचा नाही म्हणून पोलीस, महाराष्ट्रातून नेते येऊ नयेत म्हणून कोगनोळीला बंदोबस्त. दरवर्षीचं आहे. "चिकोडी, अथणी करून मिरजेला निघा, चपला पण होतील."

अथणीच्या अलीकडे-पलीकडे गावंच्या गावं कोल्हापुरी चपला करतात हे नागपूरकराला खोटं वाटलं. म्हैसूरकरालासुद्धा. एका घरात गेलो. ओसरीवर माणूस पाट्यावर तळ कापत बसलेला, त्याची बायको बारीक कातडी वादीची वेणी घालत होती, बोटं बघत राहावीत अशी, न बघता. शिवण चामड्याच्या वादीचीच, खिळा नाही. कातडं बाभळीची साल आणि हिरडा घालून कमावलेलं, त्याचा तो आंबूस वास सगळ्या घरात. चपलेला दोन बाजूंना कान असतात ते त्यानं ओले करून हातोडीनं ठोकून बसवले, मग अंगठा, मग पट्टा, आणि मला पायात घालून दोन पावलं चालायला लावलं. करकर वाजली तसा खूष झाला.

नागपूरकरानं विचारलं, दादा, कोल्हापुरी तुम्ही कर्नाटकात कशी करता, डुप्लिकेट का? तो माणूस चिडला नाही. म्हणाला, "आमचा आजा पण हेच करत होता. कोल्हापूरचे व्यापारी माल नेतात, तिथं शिक्का बसतो. अथणी चप्पल म्हणून विकली तर लोक विचारतात अथणी कुठलं." त्याला जीआय टॅगचंही सगळं माहीत, की महाराष्ट्राचे चार जिल्हे, कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, आणि कर्नाटकचे चार, बेळगाव, धारवाड, बागलकोट, विजापूर, दोघांना मिळून एकच टॅग. माझ्या माहितीत दोन्ही राज्यांनी एका कागदावर मिळून घेतलेलं एवढं एकच काहीतरी आहे आणि ते पायात घालायचं आहे. २०२५ च्या जूनमध्ये प्राडानं मिलानच्या शोमध्ये तशाच चपला दाखवल्या आणि आधी नावच घेतलं नाही, तेव्हा कोल्हापुरात लोक भडकले. हा म्हणाला, "त्यांनी कोल्हापूरचं नाव घेतलं नाही म्हणून तुम्हाला राग आला. मग आमचं कोण घेतंय?" हे त्यानं हसतच म्हटलं, हातोडी चालू ठेवून.

म्हैसूरकर आता एकदम कर्नाटकाचा वकील झाला, सांगू लागला की बघा, मूळ वस्तू आमची, नाव तुमचं, हे नेहमीचं आहे. तेव्हा त्या बाईंनी पहिल्यांदा मान वर केली. "कातडं मद्रासचं हाय. निम्मं तिकडूनच येतंय आता."

नागपूरकराला शुक्रवारपासून एकही मद्रासी भेटला नव्हता, शेवटी चपलेत सापडला.

तिघांनी एकेक जोड घेतला. भाव करताना म्हैसूरकर कन्नडमध्ये, मी मराठीत, नागपूरकर त्याच्या हिंदी वाटणाऱ्या मराठीत, आणि सूट कुणालाच मिळाली नाही. कागवाडवरून म्हैसाळ, मग मिरज, इथं बॉर्डर नागपूरकर झोपेत पार करून गेला.

मिरजेत चहाला थांबलो तिथं दोघंही आपापल्या घरी फोनवर. नागपूरकर आईला सांगत होता की अगं बेळगावात सगळे मराठीच बोलतात, एकही माणूस कानडी भेटला नाही, एक मास्तर होते ते पण मराठीच, आणि जेवण पूर्ण आपल्यासारखं, फक्त मिठाई जाळून खातात. म्हैसूरकर पलीकडच्या बाकावर त्याच्या आईला कन्नडमध्ये सांगत होता, त्यातलं मला समजलं ते एवढं की काही भीती नाही, तिथं सगळ्यांना कन्नड येतं, कुणी मारत नाही, फक्त खायला घालून मारतात, आणि हे मराठी लोक आमटीला डबा शेजारी ठेवून वरून साखर घेतात, मी स्वतः बघितलं. मी म्हटलं अरे तो डबा मास्तरांनी ठेवला होता, कन्नड मास्तरांनी. तो फोनवर हात ठेवून म्हणाला, "लेकिन तेरे सामने रखा था ना?"

पेठ नाक्याला हायवेला लागलो, साताऱ्यापर्यंत रस्ता मोकळा, पुढं कात्रजला नेहमीचंच.